मारोती गेला, मनाई राहिली

बाबाराव वस्तादाला स्वस्थ बसणं माहीतच नव्हतं. बोलता बोलता दाराची कडी हलवून पाहील, बसल्या जागी मांडीवर बोटं वाजवील, आणि काहीच सापडलं नाही तर काठीला तेल चोळत बसेल. नेरपासून कोसभरावरच्या गावात, वस्तीच्या टोकाला त्याची कुडाची तालीम होती. दिवसा नेरच्या जिनात, म्हणजे सरकी काढायच्या कारखान्यात, कापसाच्या गाठी उचलायच्या आणि संध्याकाळी वस्तीतल्या पोट्ट्यांना लाठी शिकवायची, हा त्याचा शिरस्ता.

छप्पन सालच्या दसऱ्याला सारी वस्ती नागपूरला जाऊन दीक्षा घेऊन आली. घराघरातले देव निघाले. पण तालमीच्या कोनाड्यातला मारोती कोणी काढायचा म्हटल्यावर जो तो दुसऱ्याच्या तोंडाकडे पाहू लागला. शेवटी बाबारावानेच तो शेंदरी दगड छातीशी धरून नेला आणि नाल्यात सोडला. सोडताना "माफ कर" म्हणाला, पण ते कोणाला कळू दिलं नाही. त्या दिवसापासून गड्याची घडी विस्कटली. तालीम सुरू करताना हात आपोआप रिकाम्या कोनाड्याकडे जोडले जात, तोंडातून "बजरंग" एवढं निसटे, आणि मग घाईघाईने "जय भीम" येई. पोट्टे मान खाली घालून हसत. बाबाराव चिडायचा. कोणावर, ते त्यालाही सांगता आलं नसतं.

अशी तीन वर्षं गेली. त्याची पोरगी नलू नेरच्या शाळेत आठवीत होती. वस्तीत इतकी शिकलेली ती पहिलीच पोरगी, आणि बाबाराव जिनातल्या हमालांना हे दिवसातून दोनदा तरी ऐकवायचाच. पोळा झाला त्याच आठवड्यात नलूनं दप्तर चुलीपाशी टाकलं.

"मी उद्यापासून शाळेत जात नाही."

खोदून खोदून विचारलं तेव्हा कळलं. नाल्याच्या उतारावर पुंडलिकरावाचा थोरला सायकल आडवी लावून उभा राहतो. काल दप्तर हिसकावलं, आज वेणी धरली. पुंडलिकराव म्हणजे गावातला मोठा आसामी, आणि निम्मी वस्ती त्याच्याच वावरात राबायची. बाबारावानं काठी उचलली, दारापर्यंत गेला आणि माघारी आला. आज पोट्ट्याला बडवलं तर उद्या वस्तीच्या चुली बंद, हे न कळण्याइतका तो खुळा नव्हता.

त्याची बायको तुळसाबाई भाकर थापत होती. ती मान वर न करता म्हणाली, "तिलेच शिकवा ना लाठी."

"तालमीत? बाईच्या जातीले?"

"काहून? काय होते?"

"अवो, मारोती ब्रह्मचारी हाये. त्याच्या पुढं बाईनं..." एवढं बोलून तो थांबला.

तुळसाबाईनं भाकर उलटली. "मारोती तं तुम्हीच नाल्यात सोडला. मंग आता मनाई कोणाची हाये? तुमची?"

बाबाराव दाराची कडी हलवू लागला. बावीस वर्षं तालमीची माती हीच बाई चाळत होती, ताक नि तेल घालून कालवत होती, आणि उंबऱ्याशी टोपलं ठेवून मागे फिरत होती. आत तिचं पाऊल कधी पडलं नव्हतं. इतकी वर्षं हे त्याला दिसलं नाही, आणि आता दिसल्यावर डोळ्यापुढून हलेना. तीन दिवस तो कामाशिवाय गावभर फिरला. चौथ्या दिवशी नलूला घेऊन तालमीत आला.

उकंडा हा त्याचा पट्टशिष्य. तो तडक उठला. "वस्ताद, पोरगी मातीत आली तं आमी बाहेर."

"कायले? दीक्षेच्या दिवशी तं सगळ्यात मोठ्यानं तूच वरडला."

"ते वेगळं, हे वेगळं," उकंडा म्हणाला आणि निघून गेला. त्याच्यामागे एकेक करत सगळे गेले. बाबाराव "जा, चुलीत जा!" असं ओरडला खरा, पण मागं राहिलेल्या त्यांच्या काठ्या एकेक करून नीट लावत बसला. हे पोट्टे त्यानं आपल्या हातानं घडवले होते.

मग बाप-लेक दोघंच उरले. "काठीकडे पाहू नको, खांद्याकडे पाह्य. काठी फसवते, खांदा फसवत नाही," तो सांगायचा. "पडलेल्याले मारायचं नाही. अन् केलेला वार नाकारायचा नाही." नलूचे तळहात सोलले, पण तिनं हूं की चूं केलं नाही. तक्रार केली ती एकच.

"बाबा, तुम्ही लटकं मारून राह्यले. तो काही लटकी वेणी धरत नाही."

त्या दिवशी त्यानं खरा वार केला. तो तिच्या दंडावर बसला. तुळसाबाईनं लेकीला हळद लावली आणि नवऱ्याशी दोन दिवस बोलली नाही.

कापसाची वेचणी सुरू झाली होती. एका संध्याकाळी पुंडलिकराव दोन गडी घेऊन वस्तीत आला. सोबत थोरला होता, मनगटाला फडकं बांधलेला.

"उकंड्यानं अन् आणखी तिघांनी नाल्यात गाठून माह्या पोराले मारलं. ठाण्यात देतो एकेकाले!"

"मालक, मी तं दिवसभर तुमच्याच वावरात होतो!" उकंडा रडवेला झाला.

"वर तोंड करून बोलतो?"

सगळ्यांनी वस्तादाकडे पाहिलं. वस्तादानं नलूकडे पाहिलं, आणि त्याला सगळं उमगलं. उकंड्याला ठाण्यात नेतील, चार दिवसांनी सोडतील. पोरीचं नाव निघालं तर गावभर बोभाटा होईल आणि शाळा कायमची जाईल. केलेला वार नाकारायचा नाही म्हणून जन्मभर दुसऱ्यांना शिकवणारा माणूस मुका होऊन उभा राहिला. आपली लाज आपल्यालाच वाटत होती, तरी तोंड उघडत नव्हतं.

नलू पुढं झाली.

"चार जण नव्हते. मी एकटीच होती, आज पुन्हा शाळेले निघाली होती. त्यानं वेणी धरली, मी मनगटावर एक हाणली. पडला, मंग नाही मारलं."

मग मागून कोणीतरी फिसकन हसलं. पुंडलिकरावानं पोराकडे पाहिलं, पोरानं जमिनीकडे. आठवीतल्या पोरीनं मारलं म्हणून ठाण्यात काय लिहून देणार? त्यानं पोराच्याच पाठीत एक धपाटा घातला.

"बाबाराव, पोरीले आवर."

"मीच शिकवलं, मालक," बाबाराव म्हणाला. उशिरा का होईना, म्हणाला.

पुंडलिकराव गेल्यावर उकंडा तालमीच्या दाराशी घुटमळत राहिला. "वस्ताद, येऊ?"

"मले काय विचारतो? तिले विचार."

दुसऱ्या दिवशी सकाळी नलू दप्तर घेऊन निघाली. शंभर पावलं मागं काठी घेऊन बाबाराव. बाभळीमागं काही हललं की तो थांबे, मग पुन्हा भराभर चाले. नाल्याच्या उताराशी नलू मागं वळली.

"बाबा, परत जा. तुम्ही मांगं दिसले तं त्यायले वाटंन, मले भेव लागते."

"तुले नाही लागत, बाई. मले लागते."

नलूनं दप्तर खांद्यावर सारखं केलं. "मंग घरी बसून लागू द्या," म्हणाली आणि उतार उतरू लागली. ती नाला ओलांडून पलीकडे चढली, नेरच्या वाटेला लागली, तरी बाबाराव तिथेच उभा होता.