रंध्यावरचा शिक्का

हॉटेलात चहाला बसले की मिस्त्री आधी टेबलाच्या खालून हात फिरवायचे. वरून काय, सगळेच गुळगुळीत करतात, म्हणायचे. कुणाच्या घरी गेले की कपाटाचा खण ओढून बघायचे. न विचारता. आत काय आहे तिकडे लक्षही नसायचं. 'बघतो' म्हणाले की नाही समजायचं. चष्मा पँटच्या मागच्या खिशात ठेवायचे, म्हणून त्याची एक काडी कायम तारेने बांधलेली. हसले तरी आवाज यायचा नाही, नुसते खांदे हलायचे.

मी त्यांच्याकडे मोडकी खुर्ची घेऊन गेले होते. साहित्यात एम.ए. झाले होते आणि नोकरी नव्हती. खुर्ची दुरुस्त झाली तरी मी जात राहिले. त्यांच्या बाकाशेजारी बसून वाचायचे.

"ही माझी दोस्त," ते येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायचे. "हिला खिळा ठोकता येत नाही. पण का येत नाही ते पानभर सांगेल."

कारखाना सुतारांच्या सहकारी संस्थेचा होता. मिस्त्री पहिल्या सभासदांपैकी. तिथे एक रीत होती. नवा सभासद आला की आपली हत्यारं घेऊन यायचा. चहा व्हायचा. मग तापलेल्या लोखंडाने प्रत्येक हत्याराच्या लाकडावर संस्थेचा शिक्का उमटवायचे. असं करा म्हणून कुणी सांगितलं नव्हतं. हत्यारं ज्याची त्याचीच राहायची, काम सोडताना तो ती घेऊन जायचा. शिक्का म्हणजे हा माणूस आता आपला, एवढंच. शिक्का मारायचं काम मिस्त्रींचं. लाकूड जळल्याचा वास सुटायचा आणि सगळे टाळ्या वाजवायचे. सर्वांत आधी त्यांनी आपला रंधा डागला होता. तो त्यांच्या वडिलांचा.

पुढे संस्थेने लाकूड वाळवायच्या भट्टीसाठी बँकेकडून कर्ज काढलं. भट्टी बसली, एका कंपनीची मोठी ऑर्डर पुरी झाली आणि पैसे द्यायच्या आधी ती कंपनी बुडाली. अध्यक्षांनी काखा वर केल्या. नोटिसा आल्या. नोटिसांच्या मागून वसुली अधिकारी आले.

माणूस चांगला होता. त्याच्यावर रागावताही येईना.

"आधी जंगम मालमत्ता विकायची," त्यांनी सगळ्यांना समोर बसवून समजावलं. "त्यातून कर्ज फिटलं नाही, तर शेड आणि जागा. हा क्रम मला बदलता येत नाही."

"साहेब, मिस्त्रींना कशात धरलंय?" कारखान्यातल्या पॉलिशवाल्याने विचारलं. "जंगम म्हणावं, तर हा गडी एवढ्या वर्षांत जागचा हललेला नाही."

सगळे हसले. अधिकारीही हसले. मिस्त्रींचे खांदे हलले.

मग अधिकारी हत्यारांपाशी आले.

"ही आमची आहेत, साहेब," मिस्त्री म्हणाले. "संस्थेची नाहीत."

"मग काळजीच नाही. कारागिराची स्वतःची हत्यारं जप्त करता येत नाहीत. तसा नियमच आहे."

सगळ्यांचा जीव भांड्यात पडला. कुणीतरी चहा सांगितला. अधिकाऱ्यांनी सहज म्हणून रंधा उचलला आणि उजेडात धरला.

"हा शिक्का कुणाचा?"

"संस्थेचा."

"कुणी मारला?"

"मी."

त्यांनी दुसरी हत्यारं उचलून पाहिली. पटाशी, करवत, गुण्या. सगळ्यांवर तोच. मग ते हळू आवाजात म्हणाले, "मला ही धरावी लागतील. तुम्ही हरकत घ्या. सुनावणी होईल. तुमची आहेत याचा पुरावा आणा."

ते गेल्यावर पॉलिशवाला उसळला. "कानस घ्या आणि घासून टाका! आहे काय नि नाही काय!"

"जप्ती झाली," मिस्त्री म्हणाले. "आता घासलं तर चोरी."

"स्वतःच्या वस्तूची?"

"स्वतःची आहे हेच तर ठरायचंय, बाबा."

पावत्या कुणाकडेच नव्हत्या. वडिलांच्या रंध्याची पावती कोण ठेवतो? हरकतीचा अर्ज मी लिहून दिला. मला वाटलं, चांगला लिहिला आहे.

सुनावणीला अधिकाऱ्यांनी एकच प्रश्न विचारला. "हत्यारं तुमची होती, तर संस्थेचा शिक्का का मारलात?"

मिस्त्रींनी बराच विचार केला.

"आनंदाने," ते म्हणाले.

अधिकाऱ्यांनी पेन खाली ठेवलं. "हे मी कशात बसवू, मिस्त्री?"

हरकत फेटाळली गेली.

काकू, म्हणजे मिस्त्रींची बायको, माझ्याबरोबर कचेरीत आल्या. "एकट्या रंध्याचे पैसे भरले तर?" त्यांनी विचारलं. "तेवढे आहेत माझ्याकडे."

"तसे घेता येत नाहीत, बाई. लिलाव थांबवायचा तर सगळं कर्ज व्याजासकट भरावं लागतं. लिलावानंतरही महिनाभर मुदत असते. पण तेव्हाही सगळंच, आणि वर घेणाऱ्याला भरपाई."

"म्हणजे दार उघडं आहे, पण आमच्या मापाचं नाही," काकू म्हणाल्या. अधिकाऱ्यांनी त्यांना पाणी दिलं.

लिलाव कारखान्यातच झाला. यंत्रं, बाकं, हत्यारं, सगळ्यांची मिळून एकच बोली. एका फर्निचरवाल्याने माल घेतला. तेवढ्याने कर्ज फिटलं नाही. पुढे शेडही त्यानेच घेतली. मुदत संपली, विक्री कायम झाली.

मिस्त्री घरी बसले. काकूंनी त्यांना नवा रंधा आणून दिला. त्यांनी एक दिवस चालवून बघितला. "चांगला आहे," म्हणाले, आणि कपाटावर ठेवून दिला.

"अगं, तू तरी बोल त्यांच्याशी," काकू मला म्हणाल्या. "घरातल्या सगळ्या खुर्च्या उलट्या करून ठेवल्यात. बसायला जागा नाही."

मी बोलले. "बघतो," म्हणाले.

मग एक दिवस फर्निचरवाल्याचा निरोप आला. कारखान्याचं मोठं दार जमिनीला घासतंय, कुणालाच जमत नाहीये, काकांनी येऊन बघावं. हत्यारं तिथेच आहेत.

मला वाटलं, नाही म्हणतील. त्यांनी शर्ट बदलला.

फर्निचरवाला अदबीने वागला. चहा दिला. रंधा त्याने स्वतः आणून त्यांच्या हातात ठेवला. "संध्याकाळी जागेवर ठेवून जा हं, काका."

"हो," मिस्त्री म्हणाले.

पॉलिशवाला आता त्याच्याकडेच नोकरीला होता. दोघांनी मिळून दार उतरवलं आणि आडवं टाकलं. मिस्त्री खालची कड रंधू लागले. लांब, पातळ सालपटं निघत होती. दुपारपर्यंत ते रंधत राहिले. कड झाल्यावर तिच्यावरून हात फिरवला. दार उभं करून भिंतीला टेकवलं. रंधा साफ केला आणि मालकाच्या मेजावर नेऊन ठेवला.

"अजून संध्याकाळ कुठे झाली, काका?" तो म्हणाला.

"उरलेलं उद्या," मिस्त्री म्हणाले.

दुसऱ्या दिवशी सकाळी काकूंचा फोन आला. मी पोचले तेव्हा डॉक्टर जिना उतरत होते. मिस्त्री झोपेतच गेले होते.

फर्निचरवाल्याने दाराच्या जागी ताडपत्री लावली आहे. दार भिंतीशीच आहे. खालची कड झाली आहे. बिजागरीकडची राहिली आहे.