भाडेकरूच्या देवाचा दिवा

कात्रपच्या मागच्या आळीत पुतळाबाईंची चार खोल्यांची बैठी चाळ. चिखलोलीकडची भातशेती विकली, तेव्हा त्यांच्या मालकांनी, मधुशेठनी ती बांधली आणि बायकोच्या नावावर केली. ते गेल्यावर पुतळाबाईंनी भाडेकरू सांभाळले ते शेतावरच्या माणसांसारखे. कुणाला वाटीभर कालवण, कुणाला दोन शिव्या.

कोपऱ्यातल्या खोलीत हरिचंद्र राहायचा. त्यांना 'आई' म्हणायचा. चैत्रात गावी निघाला तेव्हा चावी त्यांच्या हातात देऊन म्हणाला, "आई, माझा देव अंधारात राहायला नको. संध्याकाळी तेवढा दिवा लावाल?"

जिथं देव मांडलाय तिथं दिवेलागण चुकवायची नाही, हे सासूनं शिकवलेलं. हा भाडेकरूचा देव, हा आपला, असा भेद पुतळाबाईंना सुचलाच नाही. रोज तिन्हीसांजेला त्या कुलूप काढायच्या, गोण्यांमधून वाट काढत तसबिरीपाशी जायच्या, दिवा लावून हात जोडायच्या. गोण्यांना वास येई. फोनवर विचारलं, तर हरिचंद्र म्हणाला, "किराणा आहे, आई."

वैशाखातल्या एका दुपारी पोलीस आले. गोण्या फोडल्या, आत गुटखा. राज्यात बंदी असलेला. हरिचंद्रचा फोन बंद.

"खोली कुणाची?"

"माझी."

"चावी?"

"माझ्याकडंच."

"आत शेवटचं कधी गेलात?"

"काल. रोजच जाते."

हवालदारानं मान वर करून त्यांच्याकडं पाहिलं. कल्पेशनं, त्यांच्या मुलानं, मागून दंड दाबला. तोवर बोलून झालं होतं. उद्या पोलीस ठाण्यावर या, असं सांगून फौजदार साहेब गेले.

संध्याकाळी कल्पेश त्यांना वकील अनुयाताईंकडे घेऊन गेला. ताईंनी समजावून सांगितलं, "काकू, घर तुमचं म्हणून तुम्ही गुन्हेगार होत नाही. माल कुणाच्या ताब्यात होता आणि तुम्हाला ठाऊक होतं का, ते बघतात. चावी त्याच्याकडं असती तर तुम्ही फक्त मालकीण. पण तुम्ही रोज आत जात होतात."

"आये, सांग ना, चावी कोनाड्यात असायची, कोणीपन घ्यायचा," कल्पेश म्हणाला.

"मंग दिवा कोन लावायचा?"

"खड्ड्यात गेला तो दिवा!"

"खोटं सांगा असं मी म्हणणार नाही," अनुयाताई म्हणाल्या. "पण गप्प राहायचा हक्क आहे तुम्हाला. तो वापरा."

पुतळाबाईंनी मान हलवली. भीती वाटायला हवी, असं त्यांना वाटत होतं. ती येत नव्हती. घरी येऊन भाकऱ्या थापल्या, जेवल्या, झोपल्या. सकाळी शेजारची बनूबाई दारातून ओरडली, "काय गं पुतळे, गुटख्याची शेठाणी झालीस, आमाला पत्ताच नाय!" लोक हसले, म्हणून त्याही हसल्या.

पोलीस ठाण्यात अनुयाताई बाजूला बसल्या. साहेबांनी विचारलं, "गोण्या उघडून बघितल्या कधी?"

"नाही. दुसऱ्याचा माल."

"वास यायचा?"

अनुयाताईंनी खाकरल्यासारखं केलं. पुतळाबाईंनी ऐकलं.

"यायचा. गुटख्याचाच. आमचे हे खायचे, वास मला कळतो."

"मग कळवलं का नाही?"

"किराणा आहे बोलला. मी पुढं विचारलं नाही."

"का नाही विचारलं?"

"नीट विचारलं असतं, तर मला खरं कळलं असतं. मग त्या खोलीत पाय टाकता आला नसता. देव तसाच राहिला असता."

साहेबांनी पेन खाली ठेवलं, पुन्हा उचललं. नोटीस पुढं आली. बोलावलं की हजर राहायचं, न सांगता बाहेरगावी जायचं नाही. आरोपी क्रमांक दोन, पुतळाबाई मधुकर म्हात्रे. त्यांनी अक्षर लावत वाचलं आणि दाखवलं तिथं सही केली.

बाहेर ऊन मी म्हणत होतं. अनुयाताई म्हणाल्या, "आता उल्हासनगरच्या कोर्टात जामिनाचं बघावं लागेल." कल्पेश आईशी बोलेना. बाइकला किक मारता मारता एकदम म्हणाला, "गप बसायला काय झालतं तुला?"

"भूक लागलीय रे," पुतळाबाई म्हणाल्या, आणि पदर खोचून मागं बसल्या.