सासऱ्यांचा चीन

"सार म्हनाचा नाय त्याला! सूप म्हना, सूप," माझे सासरे पळी तलवारीसारखी उगारून ओरडत होते. त्या आवाजानं वसईच्या किल्ल्यातली वटवाघळं भरदुपारी उठून समुद्रावर दोन घिरट्या घालून आली, असं मी सांगितलं तर पाचूबंदरच्या कोळीवाड्यात मला कुणी खोटं पाडणार नाही. गुन्हा एवढाच, की शेजारणीनं चुलीवरच्या टोपात डोकावून "काय ओ, चिंचेचा सार का?" असं विचारलं होतं.

माझ्या सासऱ्यांइतका चीनवर जीव टाकणारा माणूस खुद्द चीनमध्येही सापडणार नाही. दुसऱ्या महायुद्धाच्या आधी ते खलाशी म्हणून बोटीवर चढले ते लढाई संपल्यावरच उतरले, आणि उतरताना एक पत्र्याची पेटी, एक दुखरा गुडघा आणि अख्खा चीन बरोबर घेऊन आले. मग काय, वारा सुटला की शांघायचा वारा यापेक्षा कसा वजनदार असतो ते ऐकायचं. बांबूच्या वलांडीवर वाळत घातलेले बोंबील दिसले की चीनमध्ये ते कसे शेपटीवर उभे करून वाळवतात ते ऐकायचं. आगाशीच्या बाजारात एकदा सुकेळीची, म्हणजे सुकवलेल्या केळ्यांची, पुडी हातात घेऊन, ही युक्ती तुमच्या पूर्वजांनी चीनमधून पळवली, असं त्यांनी विकणाऱ्या बागायतदाराला तोंडावर सांगितलं. त्या भल्या माणसानं पुडी परत काढून घेतली. लग्नानंतर मी पहिल्यांदा सासुरवाडीला गेलो तेव्हा माझ्यापुढे बिनदुधाचा, बिनसाखरेचा, कोमट चहा आला. मी घोट गिळेपर्यंत सासरे माझ्या तोंडाकडे टक लावून बसले होते. "चीनमधी जावयाला असाच देतात," ते म्हणाले. चीनमधल्या जावयांबद्दल माझ्या मनात तेव्हापासून जी कणव आहे ती आजतागायत कमी झालेली नाही.

पण हा चीन पाचूबंदरात कुणाच्या गळी उतरत नव्हता. म्हातारा कुलाब्याच्या पुढे गेलाच नाही, लढाईभर तिथंच दुसरा संसार थाटून बसला होता, असं विहिरीवर बोललं जायचं, आणि बोलणाऱ्या बाया माझ्या सासूबाईंची घागर भरेपर्यंत मुद्दाम थांबून बोलायच्या. त्या वर्षांत सासऱ्यांचं ना पत्र आलं होतं, ना निरोप. सासूबाईंनी मासळीची टोपली डोक्यावर घेऊन पोरगी वाढवली आणि नवरा परत आल्यावर त्याला कुठे होतात म्हणून एका शब्दानं विचारलं नाही. तेच सासऱ्यांना डाचत होतं. ही बाई गलबतं हादरतील असं भांडू शकते, हे त्यांनी पाहिलं होतं. ती गप्प राहिली, म्हणजे तिनं विहिरीवरचं खरं मानलं, असा त्यांनी हिशेब मांडला.

म्हणून ते सूप. रेशमाचं गाठोडं सायकलला बांधून एक चिनी कापडवाला मुंबईहून वसईच्या बाजूला फिरतीवर यायचा. त्याला ओट्यावर बसवायचं, आपल्या हातचं चिनी सूप पाजायचं, आणि बायकोसमोर, गावासमोर त्याच्याकडून वदवून घ्यायचं, की हा माणूस चीनला जाऊन आलेला आहे.

पावसाळा सरत आला होता. शेजारच्या ख्रिस्ती आळीतून ताडीचा शिरका आला. बाजारातून वास्ते, म्हणजे बांबूचे कोवळे कोंब, आले. सोडे घरचेच. काळी मिरी सासऱ्यांनी अशी कुटली की कोंबड्या शिंकत शिंकत थेट बंदरावर गेल्या. कुजक्या आंब्याच्या खोडावरची कानासारखी काळी अळंबी आणली, ती आधी मांजरापुढे टाकली. मांजरानं एक तुकडा खाल्ला, अंगणात जाऊन झोपलं आणि संध्याकाळी उठून जांभई दिली, तेव्हा अळंबी पास झाली. दाटपणा यावा म्हणून माझ्या सदऱ्यांसाठी बायकोनं करून ठेवलेली तांदळाची खळ टोपात गेली, आणि तो महिना मी कचेरीत चुरगळलेला हिंडलो. शेवटी अंडं. ते फेटून, हात उंच धरून, जाळं फेकताना वळवतात तसं मनगट वळवून त्यांनी धार सोडली, आणि उकळत्या टोपात पिवळं जाळं असं सुरेख पसरलं की "सार का?" म्हणणारी शेजारीणसुद्धा पुढे सरकली.

कापडवाला आला. ओट्याभोवती अख्खं बंदर जमलं. सासूबाई दाराआड उभ्या होत्या. त्यानं वाडगा तोंडाला लावला, डोळे मिटले, नाकावरचा घाम पुसला, पुन्हा लावला. सासरे त्याच्या गळ्याच्या घाटीकडे पाहत होते.

"ये चीन का नहीं है," तो म्हणाला.

असा हशा उसळला की खाडीपलीकडे नायगावला लोकांनी दारं उघडली असतील. "कुलाब्याचा हाय काय रे?" कुणीतरी ओरडलं. हसत, एकमेकांना टाळ्या देत मंडळी पांगली. कापडवाला मात्र वाडगा हातात धरून बोलतच होता. "हमारे गाँव में नहीं देखा. चीन बहुत बड़ा है. ये जहाज का है. हम इधर आया, तब जहाज का बावर्ची ऐसाइच बनाता था." हे ऐकायला ओट्यावर तिघंच उरलो होतो: मी, सासरे आणि दाराबाहेर आलेल्या सासूबाई. सासूबाईंनी सासऱ्यांच्या हातातली पळी काढून घेतली आणि कापडवाल्याचा वाडगा काठोकाठ भरला. त्यानं पुढे केला तेव्हा पुन्हा भरला.

तो गेला. उन्हं उतरली. सासूबाई राखेनं टोप घासायला बसल्या. सासरे ओट्याच्या कडेला बसून राहिले. चीनचा एवढा मोठा माणूस, पण त्या वेळी त्यांना ओट्याचा तो कोपराही मोठा होत होता. मग ते बोलले, माझ्याशी नाही.

"हाँगकाँगला बोट लागलेली. उतरू नाय दिला आमाला. कठड्यावरून बगितला जेवढा बगितला. सूप त्या बोटीवरच्या चिनी बबर्जीनं शिकवला." आणि मग, "शांघाय त तेवढापन नाय."

सासूबाईंनी टोप उपडा केला, पाणी ओतलं आणि वर न बघता म्हणाल्या, "बरा झाला. उतरला असता त आनखी उशीर केला असता."