कांदं पुरलं

शेजारणीने साखर दिली तर आमची पद्मावतीकाकी ती आधी मुंगीला खाऊ घालते, असं गोव्यातल्या आमच्या धारगळ गावात म्हणत. मी तिचा पुतण्या, भिंतीला भिंत लागून राहणारा, म्हणून सांगतो: म्हणत ते कमीच. दूधवाल्यावर संशय, पाव आणणाऱ्या पदेरावर संशय, देवळातल्या भटाच्या तीर्थावरसुद्धा संशय!

काका गेल्यावर तिचा जीव अडकला होता तो मे फ्लावरच्या कांद्यांत. काकांनी म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारातून आणलेले ते. वैशाखात पानांच्या आधी मातीतून नुसता दांडा वर येतो आणि त्यावर मुठीएवढा लालभडक गोळा फुलतो. पानं पिवळी पडली की काकी कांदे उकरायची, पडवीत सुपात सुकवायची आणि माघात पुन्हा लावायची. मान मातीच्या वर, पाणी बेताचं, नाहीतर कुजतात. कुणाला एक दिला नाही मेलीने!

पडवीलगतच्या खोलीत कुसुम राहायची. कोल्हापूरकडची, नवरा भैरू बांधकामावर गवंडी. पोटुशी होती, तरी काकीचं पाणी भरायची, पाय चेपायची. दुपारी दोघी एकत्र जेवत. काका गेल्यापासून काकीने आपल्या ताटाशेजारी बसवलेलं ते एकच माणूस.

त्या माघात काकीचा मुलगा देवेश म्हापशाला आजारी पडला आणि काकी तिकडे गेली. राजभाषा कोकणी की मराठी, हा वाद तेव्हा पेटलेला. देवेश कट्टर मराठीवाला. त्याने आईलाही शपथ घातली, घरातसुद्धा मराठीच. काकी परतली ती पुस्तकी मराठी बोलत. पाहते तर पडवीत सूप रिकामं, आणि कुसुमच्या चुलीवरून फोडणीच्या कांद्याचा खमंग वास! कुसुम हसत बाहेर आली.

"काकू, कांदं समदं पुरलं बगा. येक बी ऱ्हायला न्हाई."

काकी तडक माझ्याकडे आली.

"विनायक, खाल्ले रे तिने! आणि वर सांगते, पुरले म्हणून!"

"काकी, विषारी असतात ते. खाऊन ती उभी राहिली असती?"

"घाटावरची माणसं ती. दगड पचवतात."

"काहीतरीच! तिला विचार तरी."

"चोराला विचारून चोरी कळते होय?"

विचारलं नाही ते नाहीच. विहिरीवर, देवळात, बसथांब्यावर 'चोरटी' म्हणून सांगत सुटली आणि कुसुमला मात्र गोड आवाजात म्हणाली, "देवेश राहायला येतोय, खोली हवी." भरल्या पोटाने ती पोर बोचकं उचलून गेली. माझं टाळकं असं सणकलं की काकीशी बोलणंच टाकलं.

मेच्या अखेरीस गोवा राज्य झालं. गावात फटाके फुटत होते आणि काकी मला हाका मारत होती. गोठ्यामागे लाल गोळ्यांची सरळ रांग! कोंबड्यांनी उकरू नये म्हणून भोवती विटांचे तुकडे. पहिला संशय माझ्यावरच.

"तू आणून लावलेस?"

मग तिला भैरूच्या कामावरच्या विटा ओळखू आल्या. हात कपाळाला गेला.

"मातयेंत पुरलें म्हणटाली रे ती!"

मराठीत पुरलं म्हणजे भागलं, आणि पुरलं म्हणजे मातीत घातलं. आमच्या घरच्या कोकणी बोलीत भागलं तर आम्ही 'पावलें' म्हणतो. 'पुरलें' म्हणजे मातीतच. जन्मभर ती बोली बोललेल्या बाईने नेमकी त्या दिवशी मराठी ऐकली.

भैरू पाळी गावच्या खाणीवर कामाला गेल्याचं कळलं होतं. काकीला घेऊन मी तिथे गेलो. धुळीने लाल झालेल्या खोपटाच्या दारात कुसुम तान्ह्या बाळाला घेऊन बसली होती. काकी तोंड उघडणार तोच ती उठली, बाळाला गोधडीवर ठेवलं, आतून पत्र्याची ट्रंक ओढत आणली आणि एकेक लुगडं झटकून आमच्यासमोर टाकलं.

"बगा काकू. आता काय गेलं तुमचं?"

"कुसुम, बाये, ऐक..." काकी हुंदके द्यायला लागली. मला लाजेने मान वर करवेना.

कुसुमने बाळाला उचललं आणि त्याचं दुपटं सोडून काकीपुढे धरलं.

"ह्येच्यात बी बगून घ्या," ती म्हणाली.