जमीनदारांच्या कुरणातली पायवाट

रेगेन्सबर्गजवळच्या आमच्या गावाचे ब्युर्गरमाइस्टर, म्हणजे आपले सरपंच, मूळचे वेल्सचे. तिकडच्या खानदानी जमीनदारांच्या घरातले. लग्न करून इथल्या इस्टेटीवर आले, जर्मन झाले आणि निवडूनही आले. अर्धं गाव त्यांच्याच जमिनी कसतं, त्यामुळे त्यांच्यापुढे ब्र काढायची कुणाची टाप नव्हती. माझं डोकं तिथंच फिरायचं.

मला हवी होती त्यांच्या कुरणातून एक पायवाट. माझी मुलगी आणि सासूबाई रोज सकाळी भरधाव ट्रकांच्या कडेकडेने शाळेच्या बसथांब्यावर जायच्या. एकदा ट्रक इतका जवळून गेला की सासूबाई मटकन खालीच बसल्या. त्याच दिवशी मी अर्ज टाकला. त्यात दिवाळी, म्हणून फराळाचा डबा घेऊन थेट सरपंचांच्या दारात! आपल्याकडे रिकाम्या हाताने कोण जातं?

त्यांनी डबा दारातूनच परत केला. "अर्ज टेबलावर असताना मला तुमचा लाडूसुद्धा चालत नाही. आणि खरं सांगतो, माझ्या घोड्यांच्या कुरणात वाट मला नकोच आहे."

मी लाजेने अर्धी झाले. सासूबाई म्हणाल्या, "अगं, म्हणजे माणूस सरळ आहे."

"डोंबलाचा सरळ, आई!"

ग्रामपंचायतीच्या बैठकीत आमचा विषय निघाला तसे ते खुर्चीवरून उठले. स्वतःच्या जमिनीचा प्रश्न असला की मत द्यायचं नाही आणि बोलायचंही नाही, असा इथला नियम. उपसरपंचांकडे सूत्रं देऊन ते लोकांत, आमच्याच रांगेत येऊन बसले.

"आल्झो, तर मग, वाट व्हावी असं कुणाला वाटतं?" उपसरपंचांनी विचारलं.

एक हात हलेल तर शपथ! सगळे सदस्य सरपंचांच्या तोंडाकडे बघत बसलेले. माझ्या अंगाचा नुसता तिळपापड झाला. आता उठून बोलतेच, म्हणून मी पुढे सरकले, तर सासूबाईंनी माझा हात घट्ट धरला.

तेवढ्यात सरपंच उठले. त्यांनी आपली खुर्ची उचलून उलट्या दिशेला ठेवली आणि सगळ्या सभेकडे पाठ करून, भिंतीकडे तोंड करून बसले.

एक हात वर गेला. मग दुसरा. मग भराभर.

मान न वळवता त्यांनी हळूच मला विचारलं, "किती?"

"सगळे!" मी ओरडलेच. आवाज हॉलभर गेला. सासूबाई उभ्या राहून टाळ्या वाजवायला लागल्या, आणि भिंतीकडे तोंड करूनच तेही.