मुंजाजीनं उचललेला बेल

कस्तुराकाकू माझ्या चुलतसासू. मी लग्न होऊन आले त्याच वर्षी त्यांचा ढवळ्या बैल भरदुपारी पोट फुगून मेला. शेजारच्या मुंजाजीशी त्यांच्या नवऱ्याचं, भुजंगकाकांचं, बांधावरून भांडण होतं. "त्यानंच इख घातलं," म्हणत काका त्याच्या अंगावर धावून गेले. निजामाच्या अमलात चावडीवर जायला लोक भ्यायचे, तंटे देवापुढंच मिटायचे. महादेवाच्या देवळात बेल उचलून शपथ घ्यायची. आठ दिवसांत घरात काही वाईट घडलं, तर शपथ खोटी.

मुंजाजीनं बेल उचलला. सहाव्या दिवशी त्याचं तान्हं पोर तापानं गेलं.

त्याची बायको सारजाबाई सगळ्यांदेखत ओरडली, "खोटा बेल उचलून लेकरू खाल्लंस!" ती माहेरी राणीसावरगावला गेली, ती परतलीच नाही. मुंजाजीनंही गाव सोडलं.

आठ वर्षांनी पोळ्याला मी पुरण वाटत होते. काकू एकाएकी म्हणाल्या, "सूनबाई, ढवळ्या म्या मारला."

मला वाटलं, यांना वारं लागलं.

"ज्वारीच्या धसकटाला कवळा फुटवा आल्ता. जनावराला त्यो इख, लेकराला बी ठाव हाय. म्या गवत बांधायलते, कासरा सुटला आन् ढवळ्यानं त्यो खाल्ला. तुज्या काकांनी मला जित्तं ठिवलं नसतं. म्हनून म्या गप बसले."

माझा हात पाट्यावरच राहिला. आठ वर्षं दर सोमवारी मी याच बाईबरोबर त्याच देवळात जात होते.

मुंजाजी चुडाव्याच्या ठेसनावर हमाली करतो, असं ऐकलं होतं. दुसऱ्याच दिवशी आम्ही दोघी गेलो. काकूंनी त्याचे पाय धरले, सगळं सांगितलं. तो मागं सरकला.

"उठा, वैनी. मला ठाव हाय. म्या बांधावरून बघितलं व्हतं."

काकूंनी वर बघितलं. "मग... बोलला का न्हाई?"

"बोललो असतो तर दोन मढी पडली असती, बैलाचं आन् तुमचं. म्या म्हनलं, आपुन खरा बेल उचलायलोय, भ्यायचं कशाला? पोर कसं गेलं ते त्या महादेवालाच ठाव. पर सारजा आजून मलाच लेकरूखाऊ म्हनती. माजे पाय धरून काय व्हतंय? तिला सांगा."

काकू उठल्या, पदर सावरला आणि राणीसावरगावला जायला गंगाखेडची गाडी कधी आहे ते विचारून आल्या.

"काकू, घरी काका विचारतील. काय सांगू?"

"बैल म्या मारला म्हनून सांग. मला जित्तं ठिवायचं का न्हाई, ते सारजाला भेटून आल्यावर ठरवा म्हनावं."