लिंबाची फोड

माझी आई सत्तावीस वर्षं मासे डबाबंद करायच्या कारखान्यात आहे. तारलीचं डोकं उडवायचं, पोट साफ करायचं, शेपट्या उलटसुलट लावून डब्यात बसवायची. मिनिटाला चार डबे! अशी ही बाई घरी आली की दहा मिनिटं दाराबाहेरच्या नळाशी. साबण, मग लिंबाची फोड, मग परत साबण. का, तर बाबांना वास सहन होत नाही. लग्नानंतर पहिल्याच आठवड्यात त्यांनी नाक मुरडलं, तेव्हापासून हा सोपस्कार. तारली घरात कधी शिजलीच नाही. आईला ती जिवापाड आवडते, म्हणून ती कारखान्यातच खायची. माझं डोकंच फिरायचं. त्याच वासावर घर चाललं ना?

मार्चमध्ये बाबांना हृदयविकाराचा झटका आला. थोडक्यात वाचले. घरी सोडताना डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "गोळ्या चुकवायच्या नाहीत. मीठ कमी. आणि आठवड्यातून दोनदा तारली, बांगडा असले तेल असलेले मासे खा, हृदयाला चांगले. तळून मात्र नको."

टॅक्सीत बसल्याबसल्या बाबा म्हणाले, "त्या तेलाच्या कॅप्सूल मिळतात म्हणे. वास नाही, कटकट नाही."

"डॉक्टरांनी मासे सांगितलेत," आई म्हणाली. "मी करीन ते खायचं."

दुसऱ्या दिवशी ती कामावरून आली ती थेट स्वयंपाकघरात. बेसिनमध्ये साबणाने हात धुतले, बस्स. लिंबू तसंच टोपलीत. वास खोलीभर झाला.

"अगं, हात!" बाबा खाटेवरून ओरडले.

"धुतलेत. लिंबू नाही लावणार," आई म्हणाली. "इतकी वर्षं घासले, कातडं निघायचं तेवढं बाकी राहिलंय. तुम्ही मरता मरता वाचलात, अहो! आता तुमच्या नाकाचे लाड बंद."

मी मनात म्हटलं, शाब्बास गं बाई!

तिने तारल्या वाफवून, मिरपूड भुरभुरून ताट पुढे ठेवलं. बाबांनी नाक मुरडायला घेतलं आणि तसंच सोडलं. एक खाल्ली. मग दुसरी.

"तू कारखान्यात कुठे बसून खायचीस?"

"बसून कुठली? मशीनमागे, उभ्याने."

बाबांनी शेजारची खुर्ची ओढली. "बस इथे."

"हाताला वास आहे," आई मुद्दाम म्हणाली.

"असू दे."

"असणारच आहे," ती म्हणाली, आणि आपल्या घरात पहिल्यांदाच तिने स्वतःसाठी तारली वाढून घेतली.